प्लग ओढण्याआधी कन्सोलचं बटण दाबून बघा

कन्सोलवर (प्लेस्टेशन, एक्सबॉक्स, स्विच अशा गेम खेळायच्या यंत्रावर) गेम अडकला की काय करायचं, याचा एक सल्ला सध्या व्हॉट्सअ‍ॅपवर आणि छोट्या व्हिडिओंमधून फिरतोय. शब्द थोडे इकडचे तिकडे होतात, सार हे: ‘गेम हँग झाला की बटणं दाबत बसू नका. सरळ प्लग काढा, तीस सेकंद थांबा, परत लावा. लाइट जाते तेव्हा कन्सोलला काही होत नाही, मग प्लग काढल्यावर काय होणार? नाहीतर रेस्ट मोडवर टाकून परत उठवा, तोही रीस्टार्टच. तरीही जमलं नाही तर गेम उडवून परत टाका किंवा सेफ मोडमध्ये जाऊन सगळं इनिशियलाइझ करा. सारखाच अडकत असेल तर कन्सोल गेला समजा, विकून टाका.’

सांगणाऱ्यांचा हेतू वाईट नसतो, हे मी मानतो. पण माझ्या भाच्याचे दोन महिने या सल्ल्यापायी गेले, म्हणून यातला एकेक मुद्दा घेतो.

पहिला मुद्दा, ‘बटणं दाबत बसू नका.’ चूक खरं तर इथेच सुरू होते. गेम अडकणं आणि कन्सोल अडकणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. प्लेस्टेशन ४ (पीएस४) मध्ये ८ जीबी मेमरी असते, तिचा एक भाग कन्सोलच्या स्वतःच्या सिस्टिमसाठी राखलेला असतो, तिथे गेमला पाय ठेवता येत नाही. एक्सबॉक्स आणि स्विच यांच्यातही सिस्टिम आणि गेम असे वेगळेच ठेवलेले असतात. म्हणून गेमने मान टाकली तरी मागची सिस्टिम बहुतेक वेळा धडधाकट असते. ते ओळखायला एकच बटण पुरतं. कंट्रोलरवरचं पीएस बटण दाबा. एक्सबॉक्स असेल तर मधलं एक्सबॉक्सचं बटण, स्विच असेल तर होम. मेन्यू उघडला? मग कन्सोल ठीक आहे, फक्त गेम मेलाय. पीएस४ वर गेमच्या चौकटीवर ऑप्शन्स बटण दाबून ‘क्लोज अ‍ॅप्लिकेशन’, एक्सबॉक्सवर मेन्यू बटण दाबून ‘क्विट’, स्विचवर एक्स दाबून ‘क्लोज’. गेम बंद झाला, मेमरी मोकळी झाली, परत उघडा. प्लगला हात लावायची गरजच पडली नाही.

मेन्यू लगेच उघडला नाही तर मिनिटभर थांबा. पीएस४ मधली मूळ हार्ड डिस्क मिनिटाला ५४०० फेऱ्यांची, लॅपटॉपला असायची तशी. मोठा नकाशा लोड करताना तिला दम लागतो, आणि आपल्याला वाटतं गेम अडकला.

मिनिट गेलं, तरी काही नाही. तेव्हा कन्सोलवरचं पॉवर बटण. पीएस४ वर ते साधारण सात सेकंद, दुसरी बीप ऐकू येईपर्यंत दाबून धरायचं. पीएस५ वरही दुसऱ्या बीपपर्यंत. एक्सबॉक्सवर दहा सेकंद, स्विचवर बारा सेकंद किंवा जरा जास्त. सिस्टिममध्ये थोडा जरी जीव असला तरी प्लेस्टेशन या बटणाने आपलं आवरून मग बंद होतो. प्लग काढल्यावर त्याला ते आवरायला वेळच मिळत नाही.

आता ‘लाइट जाते तेव्हा काही होत नाही’ हा दुसरा मुद्दा. सगळ्यात पटणारा हाच आहे आणि सगळ्यात घातकही हाच. आपल्याकडे लाइट जातच असते, आणि दहापैकी नऊदा कन्सोल मुकाट्याने परत सुरूही होतो. याचं कारण साधं आहे: लाइट गेली त्या क्षणी डिस्कवर काही लिहिलं जात नव्हतं. लिहिलं जात असेल तर गोष्ट वेगळी. सेव्ह फाइल अर्धी नवी, अर्धी जुनी अशी राहते आणि पुढच्या वेळी गेम तिला ओळखतच नाही. ‘डिस्कवर ओरखडा पडतो’ असं जे दुसऱ्या टोकाचे लोक सांगतात, तेही खरं नाही. वीज गेली की हार्ड डिस्क आपलं वाचणारं टोक स्वतःच बाजूला घेते. धोका डिस्कला फार नसतो, लिहून व्हायच्या राहिलेल्या माहितीला असतो.

माझ्या भाच्याच्या घरी घडलेलं सांगतो. रात्रीचे साडेदहा, गेममध्ये एक मोठी मोहीम संपलेली. पडदा काळसर झाला आणि तसाच राहिला. त्याने आधी मला फोन केला, पण मी उचलेपर्यंत त्याच्या मित्राने तोच सल्ला पाठवलेला होता. त्याने भिंतीवरचा स्विच बंद केला. नंतर मी त्याला खोदून विचारलं, पडद्यावर त्या वेळी काहीच हलत नव्हतं का? तो जरा थांबून म्हणाला, ‘मामा, खाली उजव्या कोपऱ्यात ते गोल फिरत होतं.’

ते गोल फिरणारं चिन्ह म्हणजेच सेव्ह चालू असल्याची खूण. गेम सुरू होतानाच कितीतरी गेम पडद्यावर लिहून सांगतात की हे चिन्ह दिसत असताना कन्सोल बंद करू नका. आपण ते वाचल्याशिवाय एक्स दाबून पुढे जातो. त्याचा गेम अडकलेला नव्हताच, लिहीत होता. कन्सोल परत लावल्यावर आधी ‘नीट बंद केला नव्हता’ असा निरोप आला, मग डिस्कची तपासणी झाली, आणि गेम उघडल्यावर सेव्ह खराब झालाय असं दिसलं. त्या गेममध्ये ऑटोसेव्हची एकच जागा होती. परीक्षेनंतरच्या सगळ्या संध्याकाळी त्यात होत्या.

ही प्लग ओढायची सवय आपल्याला लागली कुठून, याचा मी बराच विचार केला. नव्वदच्या दशकात आपल्याकडे घरोघरी जे व्हिडिओ गेम आले, ते निन्टेन्डोच्या फॅमिकॉमच्या नकला होत्या. कॅसेट खुपसायची, अडकली की काढून फुंकायची, स्विच खालीवर करायचा. त्या कॅसेटींपैकी बहुतेकींत सेव्ह नावाचा प्रकारच नव्हता. गमवायलाच काही नसल्यामुळे स्विच कधीही बंद केला तरी चालायचं. तीच माणसं आज आईबाप, मामा, काका झालीत आणि मुलांना तेच सांगतायत. पण त्याच काळात जिथे सेव्ह होता, तिथे बंद करायलाही शिस्त होती. १९८७ साली अमेरिकेत ‘द लेजंड ऑफ झेल्डा’ची सोनेरी कॅसेट आली, तिच्यात सेव्ह टिकवायला छोटी बॅटरी होती. त्या गेमची सूचना अशी, की रिसेट बटण दाबून धरा आणि मगच पॉवर बंद करा. वीज उतरत असताना प्रोसेसर भरकटून सेव्हच्या जागेत काहीबाही लिहू शकतो. रिसेट दाबलेलं असलं की तो गप्प राहतो. म्हणजे सेव्ह असलेला गेम नीट बंद करावा लागतो, हे तेव्हापासूनचं आहे.

प्लग कधीच काढू नये, असं मात्र मी म्हणत नाही. पॉवर बटण दाबून धरूनही कन्सोल हलत नसेल तर दुसरा इलाजच नाही. कन्सोल पूर्ण बंद झाल्यावर, दिवा विझल्यावर प्लग काढून थोडा वेळ ठेवण्यातही वावगं काही नाही. एक्सबॉक्स वन सुरूच होत नसेल तेव्हा वायर दहा सेकंद काढून ठेवायला सांगतात, कारण त्याने आतला वीजपुरवठ्याचा भाग रिसेट होतो. तो तीस सेकंदांचा नियम अशाच कुठल्यातरी खऱ्या सल्ल्यातून सुटून आला असावा. एरवी दिवा पेटलेला, लुकलुकत असलेला किंवा नारिंगी असताना मात्र हात लावू नका. आणि सिस्टिमचा अपडेट चालू असताना तर अजिबातच नाही. तिथे सेव्हवर भागत नाही, कन्सोलच सुरू होईनासा होऊ शकतो.

तिसरा मुद्दा रेस्ट मोडचा. रेस्ट मोड म्हणजे झोप. झोपेतून उठलं तरी डोक्यातला गोंधळ तोच राहतो. मार्च २०१५ च्या अपडेटनंतर पीएस४ गेम आहे तिथेच थांबवून, मेमरीत तसाच धरून झोपू शकतो. ही सोय उत्तम आहे, मी रोज वापरतो. पण गेम ज्या बिघडलेल्या अवस्थेत होता, त्याच अवस्थेत परत उठतो. एक्सबॉक्स सिरीज एक्स आणि एस यांच्या ‘क्विक रिझ्यूम’चंही तसंच, स्विचच्या झोपेचंही तसंच. ऑनलाइन गेममध्ये तर झोपेमुळेच घोळ होतो: मधल्या वेळात सर्व्हरने जोडणी तोडलेली असते, गेमला ते ठाऊक नसतं. आठवडाभर न बंद करता झोपवत-उठवत खेळलेला गेम हळूहळू जड होतो, आवाज मागे पडतो, चित्रं उशिरा उमटतात. त्याला रीस्टार्ट हवा असतो, आणि पॉवरच्या मेन्यूत तो ‘रीस्टार्ट’ याच नावाने दिलेला आहे.

आणि गेम अडकला नाही पण बिघडला असेल तर? पात्र जमिनीतून खाली पडतं, दार उघडत नाही, ज्याच्याशी बोलायचं तो माणूस उगवतच नाही. सल्ल्यात याचा उल्लेखही नाही. अशा वेळी आधी शेवटचा चेकपॉइंट (गेमने वाटेत आपोआप राखलेला टप्पा) लोड करून बघा, मग गेम बंद करून उघडा. मात्र त्या अवस्थेत हाताने सेव्ह करू नका, कारण मग बिघाडच सेव्ह होतो आणि कितीही रीस्टार्ट केला तरी दार बंदच राहतं. म्हणून गेम जेवढ्या जागा देईल तेवढ्या वापरा. मी तीन जागांवर आलटून पालटून सेव्ह करतो.

‘गेम उडवून परत टाका’ यावर फार बोलण्यासारखं नाही. कधीकधी त्याचा उपयोग होतो, फाइलच खराब असेल तेव्हा. पण शंभर जीबीचा गेम ३० एमबीपीएसच्या कनेक्शनवर उतरायला साडेसात तास लागतात, तेही वेग एकदाही न घसरता. आधी गेमचा अपडेट आलाय का बघा. गेमची डिस्क असेल तर ती मऊ कापडाने मधून कडेकडे पुसा. हातोहात फिरलेल्या डिस्कचा बराच त्रास बोटांच्या ठशांचा असतो. गेम काढला म्हणजे सेव्हही गेला, ही भीती मात्र अनाठायी आहे. पीएस४ वर सेव्ह वेगळ्या जागी असतो, स्विचवरही.

सेफ मोडच्या मुद्द्यावर मला राग येतो. प्लेस्टेशन बंद असताना पॉवर बटण सात सेकंद, दुसऱ्या बीपपर्यंत दाबून धरलं की सेफ मोड, म्हणजे दुरुस्तीचा वेगळा मेन्यू, उघडतो. पीएस४ वर पडद्यावर सात ओळी येतात. त्यात पाचवी ओळ ‘रिबिल्ड डेटाबेस’ची: ती डिस्क चाळून आत काय काय आहे याची यादी नव्याने बनवते, गेमला आणि सेव्हला धक्का लावत नाही. पीएस५ वर याच्याच जोडीला कॅशे, म्हणजे तात्पुरत्या साठवलेल्या फाइली, साफ करायचीही सोय आहे. मेन्यू रखडतोय, गेम उघडायला वेळ घेतोय, तर ही ओळ कामाची. सहावी ओळ ‘इनिशियलाइझ’ची: गेम, सेव्ह, फोटो, खाती, सगळं पुसलं जातं. सातवी तर सिस्टिमसकट. पाचवी आणि सहावी एकाखाली एक आहेत, आणि हा सल्ला लोकांना थेट सहावीवर पाठवतो. एक गेम अडकला म्हणून सगळं घर रिकामं करायचं?

तिथे जायची वेळ आलीच तर आधी सेव्ह काढून ठेवा. पीएस४ वर सेटिंग्जमध्ये ‘अ‍ॅप्लिकेशन सेव्ह्ड डेटा मॅनेजमेंट’मधून साध्या पेन ड्राइव्हवर कॉपी होतो, पाच मिनिटांचं काम. पीएस५ च्या गेमचा सेव्ह तसा पेन ड्राइव्हवर घेता येत नाही. त्याची सोय पीएस प्लस या सोनीच्या वर्गणीच्या सेवेच्या क्लाउडवर आहे. वर्गणी नसेल तर इनिशियलाइझ करण्याआधी दहादा विचार करा.

राहिला शेवटचा मुद्दा, ‘कन्सोल गेला’. पीएस४ वर गेम अचानक बंद पडला की बरेचदा सीई-३४८७८-० हा कोड येतो आणि लोक घाबरतात. त्याचा अर्थ एवढाच, की गेम कोसळला. दोष कुणाचा, हे तो सांगत नाही. डिसेंबर २०२० मध्ये ‘सायबरपंक २०७७’ आला तेव्हा पीएस४ वर तो इतका कोसळायचा, की सोनीने आठवडाभरात आपल्या दुकानातून तो काढला. परत आला जून २०२१ मध्ये, दुरुस्त्या होऊन. त्या काळात ज्यांनी आपल्या कन्सोलला दोष दिला, त्यांचे कन्सोल चांगलेच होते. तेव्हा एकच गेम अडकतोय की सगळे, हे बघा. एकच असेल तर दोष बहुधा त्या गेमचा आणि उपाय अपडेटमध्ये. सगळेच अडकत असतील, पंखा घोंघावत असेल, गरम झाल्याचा निरोप येत असेल, तर टीव्हीखालच्या बंद कपाटातून कन्सोल बाहेर काढा आणि जाळ्यांमधली धूळ साफ करा. थंड असतानाही सगळे गेम अडकले तर पाचवी ओळ, आणि तिनेही भागलं नाही तर हार्ड डिस्क. पीएस४ ची डिस्क घरच्या घरी बदलता येते, तशी सोय ठेवूनच तो बनवलाय.

एवढं सगळं करून विकायचाच ठरला, तर सेव्ह पेन ड्राइव्हवर घ्या, खातं त्या कन्सोलवरून काढा, आणि मग ती सहावी ओळ वापरा.