गव्हाच्या पावतीवर ज्वारी

सकाळी शाळेच्या ग्रुपवर कुणीतरी अंधारात बुडालेल्या हवानाचा, क्युबाच्या राजधानीचा, फोटो टाकला. 'बघा तुमचा कम्युनिझम!' खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग. तेव्हापासून डोकं फिरलंय माझं.

हसता कशाला? १९६२ पासून अमेरिकेने त्या एवढ्याशा बेटाची व्यापारबंदी चालवलीय. ती उठवा म्हणून संयुक्त राष्ट्रांत वर्षानुवर्षं ठराव होतो, आपला देशही बाजूने मत देतो. २०२४ ला १८७ विरुद्ध २. काय फरक पडला? २०१६ ला ओबामा हवानाला जाऊन आले, वाटलं सुटले बिचारे. ट्रम्पनी आल्या आल्या सगळं उलटं फिरवलं.

१९९२ साली मी सहावीत होतो. सोव्हिएत युनियन कोसळलेलं, क्युबाचं तेल आटलेलं, धान्य आटलेलं. माकपचे नेते हरकिशनसिंग सुरजित, त्यांनी दहा हजार टन गहू पाठवायचा निश्चय केला. बाबा लाल बावट्याचे. पावतीपुस्तक घेऊन सोलापुरात दारोदार फिरले, पिशवी धरायला मी. एका विडी वळणाऱ्या मावशींनी विचारलं, "गहू न्हाई घरात, ज्वारी चालंल का?" बाबांनी ज्वारी घेतली, तेवढे पैसे स्वतःच्या खिशातून भरले आणि पावती मावशींच्या नावाने फाडली. रात्री आम्ही त्याच ज्वारीची भाकरी खाल्ली.

हो, तिथे एकच पक्ष आहे. मान्य. आधी फिडेल कास्त्रो, मग भाऊ राऊल, मग त्यांनीच पुढे आणलेले दियाझ-कानेल. ११ जुलै २०२१ ला लोक अन्न-औषधासाठी रस्त्यावर आले, तेव्हा याच दियाझ-कानेलनी टीव्हीवरून लढाईचा हुकूम दिला. शेकडो माणसं तुरुंगात गेली. हे मला गिळवत नाही. बाबांनाही गिळवलं नसतं, एवढं मी त्यांना ओळखत होतो.

पण मार्च २०२० मध्ये, कोरोनात, इटलीतल्या लोम्बार्दीत प्रेतं ठेवायला जागा नव्हती, तेव्हा ५२ डॉक्टर-नर्स कुठून उतरले? याच अंधारातून. २०१४ ला इबोलात पश्चिम आफ्रिकेत गेले तेही तिथलेच. त्यांच्या कमाईतला मोठा वाटा सरकार कापून घेतं, ठाऊक आहे. तरी गेले ना?

मघाशी ग्रुपवर फार कडक लिहिलं, मग पुसलं. फोटो टाकणाऱ्या त्या पोरालाही कुणी ही गोष्ट सांगितली नसेल. मावशींना तरी क्युबा कुठे आहे हे कुठे ठाऊक होतं? "लेकरं उपाशी हाईत का तिथं?" एवढंच विचारलं होतं त्यांनी, आणि डबा उघडला होता.

ते पावतीपुस्तक अजून आईच्या ट्रंकेत आहे. मावशींच्या नावापुढे बाबांच्या अक्षरात लिहिलंय, 'गव्हासाठी'.