पेंग्विनकडून कर कोण वसूल करणार?

‘अमेरिकेने पेंग्विनवर कर लावला, आणि तोही माणसाचं पाऊल कधीच न पडलेल्या बेटावर’ असा मजकूर फोटोसकट फिरतो आहे. विनोद झकास आहे, पण त्यात खरं अर्धंच.

अमेरिकेच्या २ एप्रिल २०२५ च्या आयातशुल्काच्या यादीत अंटार्क्टिकाजवळच्या, पेंग्विनांच्या हर्ड आणि मॅकडोनल्ड बेटांपुढे १० टक्के लिहिलेलं होतं, हे खरं. पण हे शुल्क तिथून आलेल्या मालावर असतं आणि ते अमेरिकेतला आयातदार भरतो. वस्ती शून्य, बंदर नाही. त्यामुळे वसुलीचा प्रश्नच येत नाही. शिवाय ही बेटं स्वतंत्र देश नाहीत. ती ऑस्ट्रेलियाची आहेत, पण देशांच्या आंतरराष्ट्रीय यादीत त्यांना वेगळा देश-संकेत (कोड) आहे; म्हणूनच ती अमेरिकेच्या यादीतही वेगळी आली असावीत.

‘पाऊल कधीच पडलं नाही’ हे मात्र साफ चूक. १८५५ पासून सील मारणाऱ्या टोळ्या तेलासाठी तिथे उतरत होत्या. १९४७ ते १९५५ ऑस्ट्रेलियाचं संशोधन केंद्रही होतं. नवल आहे ते पुढेच: एवढी ये-जा होऊनही हर्डवर उंदीर किंवा मांजर टिकलेलं नाही. जमिनीत बिळं करून अंडी घालणाऱ्या पेट्रेल या समुद्रपक्ष्यांचा जीव बाहेरचे प्राणी तिथे नसण्यावरच अवलंबून आहे. म्हणून बाहेरचं काहीच तिथे जाऊ नये यासाठी आज परवान्याशिवाय उतरता येत नाही, आणि उतरण्याआधी बुटांचे तळवे, खिशांच्या शिवणी, वेल्क्रोच्या पट्ट्यांत अडकलेलं गवताचं बीसुद्धा वेचून काढावं लागतं.