वाडा पाडायच्या आधी

पावसाळा तोंडावर आला की आमच्या घरच्या ग्रुपवर तोच वाद पेटतो. जुन्या नाशकातल्या धोकादायक वाड्यांना महापालिकेच्या नोटिसा लागतात. काका म्हणतात, वाडा टिकला पाहिजे. चुलतभाऊ मला म्हणतो, "ताई, तू तिकडे अ‍ॅमस्टरडॅमला. इथे भिंत पडली तर कोण येणार?" त्याचं बरोबर आहे. त्याच जिन्यावरून माझी आई रोज चढउतार करते. तिच्या जिवापुढे सागवानी तुळई मोठी नाही. पाडा.

पण आधी त्याचं चित्रीकरण करा, एवढाच माझा हट्ट आहे.

इथल्या आय फिल्म म्युझियममध्ये ज्याँ डेस्मेट या चित्रपट वितरकाचा साठा आहे. १९१०च्या आसपास धंद्यासाठी घेतलेल्या प्रती त्याने फेकून दिल्या नाहीत. त्यातले सुमारे नऊशे चित्रपट आज शाबूत आहेत आणि २०११पासून युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत आहेत. त्या काळातली एका रिळाची, दहा-पंधरा मिनिटांची नाट्यं मी आवडीने बघते. शेजार दाखवायला त्यांना फार काही लागत नाही: दोन खोल्या, मधे एक भिंत. कॅमेरा एकदा अलीकडे, एकदा पलीकडे. पलीकडचं दुःख आपल्याला दिसतं, शेजाऱ्याला अजून कळलेलं नसतं, आणि जीव टांगणीला लागतो.

आपल्याकडे दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे. १९१८मध्ये हिंदुस्थान फिल्म कंपनी नाशकातच उभी राहिली, 'कालिया मर्दन' तिचाच. पण आपले बहुतेक मूकपट नष्ट झाले. त्यांत कुणाची ओसरी, कुणाचं अंगण दिसत असेल, तर तेही गेलं.

आमच्या वाड्यात मोरीच्या पाण्यावरून आई आणि समोरच्या काकूंचा कित्येक वर्षं अबोला होता. तरी उन्हाळ्यात गच्चीवर कुरडया वाळत असताना वळवाचे थेंब आले, की काकू आधी आमचं वाळवण उचलायच्या, मग स्वतःचं. परात आमच्या उंबऱ्यावर ठेवायच्या आणि मान वळवून निघून जायच्या. एकही शब्द नाही. इथे माझा शेजारी भला माणूस आहे, पार्सल ठेवून घेतो, चिठ्ठी चिकटवतो. पण आमच्यात अबोला धरण्याइतकं नातंच नाही.

भावाला सांगितलंय, मोबाइलचा कॅमेरा पुरेसा आहे. नुसत्या भिंती नकोत, माणसं हवीत, भाडेकरूसुद्धा. सुरुवात गच्चीपासून कर, आणि काकूंना वर जायला हात दे.