एम्प्रेस मिलमध्ये राणी आलीच नव्हती

दर दोनचार महिन्यांनी तोच मेसेज फिरून येतो. नागपुरात गांधीसागर तलावाला लागून आज एम्प्रेस सिटी मॉल आहे, तिथं पूर्वी एम्प्रेस मिल होती. इथवर ठीक. पुढं लिहिलेलं असतं: इंग्रजांनी बांधलेली ही भारतातली पहिली कापडगिरणी, १ जानेवारी १८७७ ला व्हिक्टोरिया राणीनं स्वतः येऊन उद्घाटन केलं, यंत्रं विलायतेतली भंगार, नंतर टाटांनी विकत घेतली आणि तोटा दिसताच कुलूप लावलं.

यातली तारीख तेवढी पूर्ण बरोबर.

राणीचं आधी निपटवू. व्हिक्टोरियानं जन्मात हिंदुस्थानात पाय ठेवला नाही, नागपूर तर दूरच राहिलं. त्या दिवशी दिल्लीच्या दरबारात ती हिंदुस्थानची सम्राज्ञी, म्हणजे एम्प्रेस, असल्याचं जाहीर झालं आणि तोच मुहूर्त धरून इथं मिल सुरू झाली, म्हणून नाव एम्प्रेस. कंपनीचं कागदोपत्री नाव ‘सेंट्रल इंडिया स्पिनिंग, वीव्हिंग अँड मॅन्युफॅक्चरिंग कंपनी’. स्थापना १८७४ ची. एवढं लांब नाव कोण घेणार?

ती कंपनी काढली जमशेटजी टाटांनी. म्हणजे ‘नंतर विकत घेतली’ हेही गेलं. ब्रुक्सबी नावाचा साहेब इंजिनिअर होता खरा, पण कारभार बेझनजी मेहतांकडे. हे गृहस्थ रेल्वेच्या मालवाहतूक खात्यातून आलेले. सूत कसं निघतं याची त्यांना गंधवार्ता नव्हती. जागा जुम्मा तलावाकाठची, म्हणजे आपल्या आजच्या गांधीसागराची. दलदल. आधी भर टाका, मग पाया घ्या. गोष्ट अशी सांगतात की, एका सावकारानं जमशेटजींना ‘हा माणूस जमिनीत सोनं पुरतोय’ म्हणून पैसे द्यायला नकार दिला आणि पुढं स्वतःच कबूल केलं, की यानं पुरली माती, काढलं सोनं. मुंबई सोडून इथं येण्यात भावनेचा भाग नव्हता. कापूस दारात, रेल्वे १८६७ पासून, कोळसा वरोऱ्याचा.

‘भारतातली पहिली’ तर मुळीच नाही. कावसजी दावरांची मुंबईतली गिरणी १८५४ ची. खुद्द जमशेटजींचीही ही पहिली नव्हे. १८६९ मध्ये त्यांनी चिंचपोकळीत एक बंद पडलेली तेलगिरणी घेऊन तिची कापडगिरणी केली होती.

भंगार यंत्रांच्या मुद्द्यात मात्र थोडं तथ्य आहे. सुमारे ३० हजार चात्या (सूत कातायचे फिरते दांडे) आणि ४५० माग घेऊन मिल सुरू झाली, पण सुरुवातीची यंत्रं हलक्या प्रतीची निघाली आणि बदलावी लागली. मेसेज तिथंच थांबतो. १८८३ मध्ये याच मिलनं रिंग चात्या वापरून पाहिल्या, हे त्यात नसतं. जुन्या म्यूल यंत्राचा गाडा सूत ओढत मागं जायचा, पीळ द्यायचा आणि सूत गुंडाळत परत यायचा. रिंगमध्ये पीळ आणि गुंडाळणं एकाच दमात. तेव्हा विलायतेतलेही बरेच गिरणीवाले या यंत्राकडे संशयानं बघत होते.

जुन्या इमारतीचा विषय निघाला की आपले लोक भिंतींची जाडी आणि चुन्यातला गूळ काढतात. कापडगिरणीत खरी अडचण हवेची. मे महिन्यात आपल्याकडे ओठ फुटतात, तसं कोरड्या हवेत सूत तटातट तुटतं, आणि प्रत्येक तुटलेला धागा कुणीतरी वाकून बोटांनी जोडायचा असतो. म्हणून इथं हवा दमट ठेवणारी यंत्रं बसवली गेली. तंतू उडून सगळीकडे बसतात, ठिणगीचंच निमित्त पुरे, म्हणून आग लागताच पाणी सोडणारे स्प्रिंकलरही. १८८६ मध्ये कामगारांसाठी पेन्शन फंडही सुरू झाला.

राहिलं कुलूप. मिल १९८६ मध्ये राज्याच्या वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेली आणि बंद पडली २००२ मध्ये. मधली सोळा वर्षं मालक सरकारच होतं.