बाराच्या ठोक्याला क्वार्टर रिकामं

अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांची चरित्रं वाचताना माझं लक्ष नेमकं नको तिथे जातं. युद्ध कसं जिंकलं, करार कोणाशी केला, हे चरित्रकार पानंच्या पानं सांगतो. पण सामान कोणी बांधलं, नळाला पाणी कसं होतं, वाण्याचं बिल कोणी भरलं, यासाठी तळटीपा उपसाव्या लागतात. त्या उपसून माझं ठाम मत झालंय की हा जगातला सर्वांत बलाढ्य वगैरे माणूस मुळात व्हाइट हाऊस नावाच्या सरकारी क्वार्टरमधला बिऱ्हाडकरू असतो. आणि क्वार्टर सोडायची नुसती तारीख नाही, घड्याळाची वेळसुद्धा थेट राज्यघटनेत. २० जानेवारी, दुपारी बारा.

१९३३च्या विसाव्या घटनादुरुस्तीआधी ही तारीख ४ मार्च होती. निदान थंडी तरी ओसरत आलेली असायची. आता ऐन हिवाळ्यात दारात ट्रक लागतात, एक जाणाऱ्यांचा, एक येणाऱ्यांचा. रिवाज असा, की सकाळी दहा-साडेदहाला जुन्यांनी नव्यांना चहा-कॉफीला बोलवायचं. ज्याच्याशी वर्षभर जाहीर भांडलो, त्यालाच आपल्या घरातला शेवटचा कप पाजायचा! मग दोघं शपथविधीला निघाले, गाडी फाटकाबाहेर पडली, की घरात धावाधाव. बाहेरचे मूव्हर्स-पॅकर्स चालत नाहीत, कारण त्यांची सुरक्षा तपासणी झालेली नसते. त्यामुळे स्वयंपाकी, वाढपी, इलेक्ट्रिशियन, सगळे त्या दिवसापुरते हमाल. खोल्या १३२, न्हाणीघरं ३५, जिने ८ आणि लिफ्ट फक्त ३. कुटुंब राहतं वरच्या दोन मजल्यांवर, म्हणजे प्रत्येक खोकं वर चढवायचं. नव्यांचं सामान बारापूर्वी आत घ्यायचं नाही आणि मिरवणूक आटोपून ते घरी येईपर्यंत कपडे कपाटात, टूथब्रश न्हाणीघरात, आवडीचा खाऊ फ्रीजमध्ये हवा. हातात जेमतेम पाच तास. लोकशाहीचा खरा चमत्कार मला मतपेटीपेक्षा इथे जास्त दिसतो.

घड्याळ चुकलं की काय होतं, ते जेरल्ड फोर्डना विचारावं. ९ ऑगस्ट १९७४ला निक्सन राजीनामा देऊन हेलिकॉप्टरनं गेले, पण त्यांचं सामान बांधायचंच राहिलं होतं. मग अमेरिकेचा नवा राष्ट्राध्यक्ष, म्हणजे फोर्ड, दहा दिवस व्हर्जिनियातल्या आपल्या राहत्या घरून ऑफिसला ये-जा करत होता. अणुबॉम्बची चावी हातात, क्वार्टरची नाही. जॉन अ‍ॅडम्स यांचं उलटं. १ नोव्हेंबर १८००ला ते या घरात पहिल्यांदा राहायला आले, तेव्हा गिलावासुद्धा पुरता झालेला नव्हता. त्यांच्या पत्नी अबिगेलबाईंनी भविष्यातल्या भव्य ‘ईस्ट रूम’मध्ये दोऱ्या बांधून धुणं वाळत घातलं. चारच महिन्यांत, निवडणूक हरल्यामुळे, घर सोडायची वेळ आली. ४ मार्च १८०१ला जेफरसन शपथ घेणार, तर अ‍ॅडम्स पहाटे चारलाच गाडीत बसून गाव सोडून गेले. चहा नाही, पाणी नाही.

घर फुकट, पण जेवण नाही. सरकारी मेजवानीचा खर्च सरकार उचलतं. घरच्या माणसांचं खाणं, टूथपेस्ट, कपड्यांचं ड्रायक्लीनिंग यांचं बिल मात्र महिन्याच्या महिन्याला अध्यक्षांच्या हातात येतं. १९८१मध्ये अध्यक्षांच्या पत्नी नॅन्सी रेगन यांना हे पहिल्या बिलाबरोबरच कळलं आणि धक्का बसला. पगार २००१पासून वर्षाला ४ लाख डॉलर आहे, त्यामुळे फार हळहळायचं कारण नाही. तरी स्वतःच्या स्वयंपाकघरातून आमलेट मागवताना मनात हिशेब होत असणारच.

आता न्हाणीघर. लिंडन जॉन्सन यांचा शॉवर हा अमेरिकन इतिहासातला दुर्लक्षित अध्याय आहे. १९६३मध्ये ते राहायला आले, तेव्हा जुन्या घरातल्यासारखा शॉवर हवा म्हणाले: अनेक तोट्या, चहूबाजूंनी फवारे, एक खालून वर, आणि जोर अग्निशमन दलाच्या नळासारखा. अडचण दाबाची होती. घराच्या पाइपात तेवढं पाणीच येत नव्हतं. मग जाड पाइप, वेगळा पंप, नवनव्या तोट्या. प्लंबर जोडणार, अध्यक्ष उघडे होऊन तपासणार, ‘अजून जोर कमी’ म्हणून ओरडणार. हे एक-दोन दिवस नव्हे, वर्षानुवर्षं. व्हिएतनामात काय करायचं यावर त्यांना सल्ला द्यायला माणसांची रांग होती. शॉवरला बिचारा प्लंबरच. १९६९मध्ये निक्सन आले, त्यांनी ते यंत्र एकदा पाहिलं आणि काढून टाकायला सांगितलं. शेजारणीनं हौसेनं बसवलेली कडप्प्याची मांडणी नव्या भाडेकरूनं उखडावी तसं.

याच जॉन्सनना रिकाम्या खोल्यांतले दिवे मालवत फिरायची सवय होती. मला ते तिथे थोडे आपले वाटतात. पण दिव्यांच्या बाबतीत बेंजामिन हॅरिसन यांना तोड नाही. १८९१मध्ये घरात वीज आली, आणि शॉक बसेल या भीतीनं हॅरिसन पती-पत्नी बटणाला हात लावीनात. दिवे लावायला-मालवायला नोकर, आणि नोकर झोपायला गेला तर दिवे रात्रभर चालू. तारा घालायला कंपनीकडून आलेल्या आइक हूवर नावाच्या पोरगेल्या इलेक्ट्रिशियनलाच मग तिथे नोकरी मिळाली. पुढे तो त्या घराचा मुख्य कारभारी झाला आणि एकूण ४२ वर्षं तिथे राहिला. अध्यक्ष येतात-जातात, इलेक्ट्रिशियन टिकतो.

उंदीर? होते ना. कार्टर यांच्या ऑफिसच्या भिंतीत एक मेला आणि वास सुटला. इमारतीचं खातं म्हणालं, आतले सगळे उंदीर आम्ही आधीच मारलेत, म्हणजे हा बाहेरचा. आवाराच्या खात्याला सांगा. आवाराचं खातं म्हणालं, बाहेरचा असेल, पण आता भिंतीच्या आत आहे, म्हणजे तुमचाच. हे वाचल्यापासून अमेरिका मला परकी वाटत नाही.

वासांत मात्र पहिला नंबर अँड्र्यू जॅक्सन यांच्या चीजचा. न्यूयॉर्क राज्यातल्या एका शेतकऱ्यानं १,४०० पौंडांचा, म्हणजे सुमारे ६३५ किलोंचा गड्डा भेट दिला. चार फूट रुंद, दोन फूट जाड. वर्षभराहून अधिक काळ तो प्रवेशदालनात मुरत पडला. २२ फेब्रुवारी १८३७ला दरवाजे जनतेसाठी उघडले आणि दोन तासांत चीज साफ. वास राहिला. गालिचे, पडदे, भिंती सगळीकडे. दहाच दिवसांनी मार्टिन व्हॅन ब्यूरन राहायला आले.

पण खरा भोग ट्रुमन यांचा. १९४८मध्ये लेकीच्या पियानोचा पाय जमिनीतून आरपार खालच्या खोलीच्या छतात उतरला. झुंबर आपोआप झुलत होतं, अध्यक्षांचा टब खचत होता. इंजिनिअर म्हणाले, वरचा मजला नुसत्या सवयीनं उभा आहे. कारणं ऐकली तर कुठल्याही जुन्या सोसायटीची वाटतील. १८१४मध्ये ब्रिटिशांनी जाळलेल्या भिंती तशाच वापरल्या, नळ नि तारा घालताना ज्यानं-त्यानं तुळया कापल्या, १९०२मध्ये जेवणाचा हॉल मोठा करायला भार पेलणारी भिंत पाडली, आणि १९२७मध्ये वर सिमेंट-पोलादाचा जड तिसरा मजला चढवला. मग ट्रुमनांची रवानगी समोरच्या ब्लेअर हाऊसमध्ये, म्हणजे संक्रमण शिबिरात. बाहेरच्या दगडी भिंती ठेवून आतलं सगळं उपसून काढलं आणि पोलादी सांगाडा उभा केला. बुलडोझर आत न्यायला भिंतीत मोठं भोक पाडू द्यायला ट्रुमन तयार होईनात, म्हणून तो सुटा करून, तुकड्या-तुकड्यांनी नेऊन आत जोडला. मार्च १९५२च्या अखेरीस ते नव्या घरात परतले. जानेवारी १९५३मध्ये मुदत संपली. पुनर्विकास व्हावा आणि दहा महिन्यांत ताबा आयझेनहॉवर यांना द्यावा, याला नशीब म्हणतात.

या सगळ्यांत मला आवडतात त्या अध्यक्ष ग्रोव्हर क्लीव्हलंड यांच्या पत्नी फ्रान्सिस. ४ मार्च १८८९ला नवरा हरून घर सोडताना त्यांनी जेरी नावाच्या जुन्या नोकराला बजावलं म्हणतात: सामानसुमान नीट सांभाळ, आम्ही बरोबर चार वर्षांनी परत येणार आहोत. आणि ४ मार्च १८९३ला त्या खरंच परत आल्या. मधली चार वर्षं तिथे हॅरिसन होते. बाई परतल्या, तोवर भिंतींवर विजेची बटणं आली होती.