ओयामा नोबुयो यांचा डोरेमॉन ही 'देणगी' नव्हती

जपानी कार्टूनमधल्या डोरेमॉनचा आवाज असलेल्या ओयामा नोबुयो २९ सप्टेंबर २०२४ ला गेल्या, वयाच्या ९० व्या वर्षी. 'काय दैवी आवाज!' असं त्यांच्याबद्दल आजही लिहिलं जातं. मला ते अजिबात पटत नाही. तो आवाज घोगरा होता आणि लहानपणी त्यावरून त्यांना चिडवत. लपवू नकोस, उलट वापर, असं आईने सांगितलं म्हणून त्या शाळेच्या प्रसारण मंडळात शिरल्या. पुढे रीतसर नाट्यशिक्षण घेतलं.

१९७३ च्या मालिकेत डोरेमॉनला आधी तोमिता कोसेई, मग नोझावा मासाको यांचा आवाज होता. ती सहा महिन्यांत आटोपली. एप्रिल १९७९ मध्ये टीव्ही असाही या वाहिनीची नवी मालिका आली, तेव्हा ओयामांनी आधी पात्राचा विचार केला: हा मुलं सांभाळणारा रोबो आहे, मग त्याच्या तोंडी असभ्य बोलणं नको. डोरेमॉनचा तो अदबशीर सूर या निर्णयातून आला.

आणि कारागिरी? जपानी टीव्ही ॲनिमेशनमध्ये तोंडाची साधारण तीनच चित्रं असतात: मिटलेलं, अर्धं उघडं, पूर्ण उघडं. ओठांचा आकार जुळवायचा नसतो, पण वाक्य सुरू आणि बंद होण्याचा क्षण अचूक पकडावा लागतो. अनेकदा रेकॉर्डिंगच्या वेळी चित्रं पूर्ण झालेलीच नसतात. मग पडद्यावर पात्राच्या नावाची पाटी येते आणि ती दिसते तेवढ्यातच वाक्य संपवायचं. स्टुडिओत माइक तीन-चार, कलाकार त्याहून कितीतरी जास्त. आपली पाळी आली की पावलांचा आवाज न करता पुढे यायचं, बोलायचं, लगेच बाजूला व्हायचं. संहितेचं पान सळसळलं किंवा जॅकेटचं कापड घासलं की टेक वाया, कारण माइक सगळं पकडतो. नवखे नेमके इथे फसतात: नजर पडद्यावर ठेवली तर कागदावरची ओळ हरवते, कागदावर ठेवली तर वेळ चुकते. ओयामांनी हे २६ वर्षं केलं.

आपल्याकडच्या मुलांनी डोरेमॉन हिंदीत, सोनल कौशल यांच्या आवाजात ऐकला. तिथेही तीच उघडमीट पाळायची, फक्त वाक्यं हिंदी. अशा डबिंग कलाकारांची नावं ठळकपणे दाखवलीच पाहिजेत.

२००५ मध्ये ओयामांसह पाचही मुख्य कलाकार एकत्र बाजूला झाले आणि डोरेमॉन मिझुता वासाबींकडे गेला. २०१० मध्ये 'डांगानरोन्पा' या व्हिडिओ गेममध्ये ओयामांनी मोनोकुमा या क्रूर अस्वलाला आवाज दिला. घोगरेपणा तोच, पण वाक्याच्या शेवटाला दिलेला लाडिक हेल आता अंगावर काटा आणतो. ज्यांना अजूनही ही देणगी वाटते, त्यांनी ही दोन्ही पात्रं लागोपाठ ऐकावीत.