हा तरंग पोहोचतो कशातून?

एका विश्वात काळाची वीण उसवली की तिचे हादरे समांतर विश्वांपर्यंत पोहोचतात, ही समांतर विश्वांवरील एका कल्पनारम्य लेखातील उपपत्ती मला मनापासून भावली; मात्र तिचा सांधा जिथे निखळतो, ती जागा दाखवणे मला आवश्यक वाटते. अमेरिकी भौतिकशास्त्रज्ञ ह्यू एव्हरेट यांनी १९५७ साली मांडलेल्या विचारानुसार वेगवेगळ्या शक्यतांगणिक विश्वाला शाखा फुटतात, आणि त्या एकदा विलग झाल्या की त्यांच्यात व्यवहारतः संपर्क उरत नाही, त्यामुळे हादरा पलीकडे नेणारे माध्यम लेखकाने आधी कल्पिले पाहिजे. काळ ताठर नाही, वेग आणि गुरुत्वाकर्षणानुसार तो कमीअधिक गतीने चालतो, हे तर खरेच: जीपीएसच्या उपग्रहांवरील घड्याळे, दुरुस्ती केली नाही तर, जमिनीवरील घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातील. परंतु लायगो या गुरुत्वीय लहरी टिपणाऱ्या वेधशाळेने २०१५ मध्ये टिपलेल्या, दोन कृष्णविवरांच्या मीलनातून उठलेल्या लहरीने तिच्या यंत्राच्या चार किलोमीटर लांबीच्या भुजेत प्रोटॉनच्या व्यासाहूनही कितीतरी कमी फरक पडला होता. एवढा प्रचंड हादरा इतका क्षीण होऊन येत असेल, तर लेखातील तरंगही प्रत्येक विश्वात सारख्याच जोराने आदळू नये. म्हणूनच संपूर्ण शहरे पुसली जाण्यापेक्षा, भिंतीवरचा सेकंदकाटा क्षणभर अडखळून पुन्हा चालू लागतो आणि ते फक्त एका मुलीच्याच लक्षात येते, हा लेखातील प्रसंग मला अधिक विश्वसनीय वाटला.